कोल्हापुरात सक्युलंटचा हिवाळा जूनमध्ये येतो

सक्युलंटच्या रोपाबरोबर नर्सरीतून जी माहिती मिळते, ती बहुतेक ठिकाणी सारखीच असते. तापमान १८ ते २७ अंश सेल्सिअस ठेवा, पारा ५ अंशांखाली जाऊ देऊ नका, उन्हाळा हा वाढीचा काळ म्हणून तेव्हा पाणी वाढवा आणि हिवाळ्यात रोप विश्रांती घेते म्हणून पाणी तोडा. ही माहिती खोटी नाही, पण ती बर्फ पडणाऱ्या देशांतल्या बागप्रेमींसाठी लिहिलेली आहे. खिडकीबाहेर राहिलेली कुंडी रात्रीत गोठते, ही त्यांची चिंता. कोल्हापूर समुद्रसपाटीपासून साधारण साडेपाचशे मीटरवर आहे. जानेवारीत इथे दिवसा ३० आणि रात्री १५ अंशांच्या आसपास पारा असतो. कडाक्याची थंडी म्हटली तरी १०-११ अंश. एप्रिलच्या दुपारी सरासरी ३७. जुलै-ऑगस्टमध्ये कमाल २६-२७ आणि किमान २१. आता हे आकडे त्या माहितीशेजारी ठेवून पाहा. १८ ते २७ ही जी आदर्श मर्यादा सांगितली आहे, तिच्यात कोल्हापूर चोवीस तास बसते ते नेमके जुलै-ऑगस्टमध्ये. आणि शहरातल्या गच्च्यांवर, सज्ज्यांत सक्युलंट सर्वाधिक मरतात तेही याच दोन महिन्यांत. पारा आदर्श असताना रोपे सडत असतील, तर निव्वळ पाऱ्यावर विसंबून या झाडांची निगा राखता येणार नाही, एवढे तरी मान्य करावे लागते. या लेखात मांडायचे आहे ते असे: आपल्याकडे सक्युलंटचा कसोटीचा आणि विश्रांतीचा काळ पावसाळा आहे, वाढीचा काळ ऑक्टोबर ते फेब्रुवारी आहे, आणि पाण्यापासून कुंडी बदलण्यापर्यंत सगळे वेळापत्रक त्याप्रमाणे फिरवून घेतले पाहिजे.

यामागचे कारण या झाडांच्या श्वासोच्छ्वासात आहे. बहुतेक झाडे दिवसा पानांची रंध्रे उघडून हवेतला कार्बन डायऑक्साइड घेतात. अनेक सक्युलंट ते काम रात्री करतात. दिवसा रंध्रे मिटून पाणी राखायचे, रात्री गारव्यात उघडून वायू घ्यायचा, तो आम्लाच्या रूपात साठवायचा आणि दुसऱ्या दिवशी उन्हाच्या मदतीने त्याची साखर करायची. या गोष्टीच्या पहिल्या नोंदींपैकी एक भारतातलीच, आणि तीही आपल्या परसातल्या पानफुटीची आहे. ईस्ट इंडिया कंपनीच्या सेवेत मद्रास इलाख्यात असलेले वनस्पतितज्ज्ञ बेंजामिन हेन यांनी पानफुटीची पाने सकाळी आंबट लागतात, दुपारपर्यंत त्यांची चव उतरते आणि संध्याकाळी ती किंचित कडवट होतात, असे लंडनला कळवले होते. १८१५ साली ते छापून आले. सकाळचा तो आंबटपणा म्हणजे रात्रभर साठवलेले आम्ल. या व्यवस्थेला दोन गोष्टी लागतात: दिवसापेक्षा बऱ्यापैकी गार रात्र आणि दुसऱ्या दिवशी भरपूर ऊन. जानेवारीत कोल्हापुरात दिवस-रात्रीच्या तापमानात पंधरा अंशांचा फरक असतो आणि आकाश निरभ्र असते. जुलैत फरक पाच-सहा अंशांवर येतो आणि सूर्य आठवडा-आठवडा दिसत नाही. साठवलेल्या आम्लाची साखर करायला ऊनच नाही, म्हणून वाढ थांबते. वाढ थांबली की मुळे पाणी ओढत नाहीत. हवा दमट असल्याने पानांतून किंवा मातीतूनही पाणी उडत नाही. कुंडीत एकदा गेलेले पाणी मग आठ-आठ दिवस तिथेच राहते. या ओल्या, हवा कोंडलेल्या, २१ ते २७ अंशांच्या मातीत मूळकूज करणाऱ्या बुरशा आणि खोड मऊ करणारे जिवाणू जोमाने वाढतात. थंड देशांत थंडी आणि ओल मिळून झाड मारतात. आपल्याकडे ऊब आणि ओल मिळून मारतात, आणि तेही जास्त वेगाने.

इथे पहिला आक्षेप येतो तो रास्त आहे. पन्हाळ्याच्या उतारांवर, गावोगावच्या बांधांवर निवडुंग शतकानुशतके पावसात उभा आहे. त्याला कोण छप्पर घालते? सह्याद्रीत तर रसाळ खोडांच्या, कंदांच्या वनस्पतींची रेलचेल आहे. कंदीलपुष्पाच्या, म्हणजे सेरोपेजियाच्या, कितीतरी जाती फक्त याच भागात सापडतात. शिवाजी विद्यापीठाच्या वनस्पतिशास्त्र विभागात डॉ. एस. आर. यादव आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यांचा अभ्यास आणि संवर्धन केले आहे, आणि विद्यापीठाच्या वनस्पती उद्यानात त्या जोपासल्या गेल्या आहेत. मग पावसाची भीती कशाला? पण ही झाडे कुठे आणि कशी राहतात ते नीट पाहिले, तर आक्षेपातच उत्तर सापडते. निवडुंग उभा असतो खडकाच्या फटीत किंवा उताराच्या मुरमाड जागी, जिथे पडलेले पाणी काही मिनिटांत निघून जाते. कंदीलपुष्पाने तर पावसाशी वेगळाच करार केला आहे: पावसात वेल वर येतो, फुलतो, आणि कोरडे दिवस आले की सगळा संसार जमिनीखालच्या कंदात गुंडाळून घेतो. नर्सरीत ‘स्ट्रिंग ऑफ हार्ट्स’ म्हणून मिळणारा हृदयाकृती पानांचा वेल याच सेरोपेजिया कुळीतला, पण दक्षिण आफ्रिकेचा. कुळी तीच, तरी कासच्या पठारावरच्या भाईबंदांचा जुलै त्याला सोसत नाही. सक्युलंट ही एक जात नाही. पाणी साठवण्याची युक्ती वेगवेगळ्या खंडांतल्या वेगवेगळ्या कुळांनी आपापल्या हवामानात शोधली आहे. म्हणून एखाद्या रोपाला कोणते तापमान लागते, असे विचारण्याआधी ते कुठून आले ते विचारावे.

या प्रश्नावर कोल्हापुरात मिळणाऱ्या रोपांचे ढोबळ गट पडतात. इचेव्हेरिया, ग्राप्टोपेटॅलम, पॅकिफायटम, माकडशेपटीसारखे लोंबणारे सेडम ही मंडळी मेक्सिकोच्या डोंगराळ भागातली. त्यांना ऊन हवे, पण रात्र गार हवी. ३५ अंशांच्या पुढे ती वाढ थांबवतात आणि दमट उबेत सर्वांत आधी बसतात. सर्वांत देखणी आणि म्हणून सर्वांत जास्त विकली जाणारीही हीच. हावोर्थिया, गॅस्टेरिया, क्रासुला आणि दगडासारखे दिसणारे लिथॉप्स दक्षिण आफ्रिकेचे. यातल्या हावोर्थिया आणि गॅस्टेरिया झुडपांच्या, दगडांच्या सावलीत वाढणाऱ्या असल्याने सज्ज्यातल्या कमी उजेडावरही भागवतात. नव्याने सुरुवात करणाऱ्याने इथूनच करावी. लिथॉप्सच्या नादी मात्र बहुतेकांनी लागू नये. तिसरा गट खऱ्या उष्ण प्रदेशांतला: आफ्रिका-अरबस्तानातला अडेनियम, मादागास्करचा काटेरी युफोर्बिया मिली, पश्चिम आफ्रिकेची सान्सेव्हेरिया आणि आपली जुनी कोरफड. आपल्याकडे ‘जेड’ म्हणून जे बारीक गोल पानांचे झाड सर्रास विकले जाते, ते बहुधा पोर्टुलाकेरिया असते. खरे जेड म्हणजे क्रासुला ओव्हाटा. तिची पाने मोठी आणि जाड. दोन्ही दक्षिण आफ्रिकेचीच, पण पोर्टुलाकेरिया कोल्हापूरचा उन्हाळाही सोसते आणि पाऊसही. तिसऱ्या गटाला आपला उन्हाळा मानवतो आणि थंडीच किंचित बोचते. अडेनियमची पाने डिसेंबर-जानेवारीत पिवळी पडून गळतात, तेव्हा रोग समजून लोक पाणी आणि खत वाढवतात आणि फुगलेले खोड सडवून बसतात. रात्री १५ अंशांखाली जाऊ लागल्या की अडेनियमचे पाणी जवळजवळ बंद करावे. फेब्रुवारीअखेरीस ते आपणहून जागे होते. म्हणजे नर्सरीच्या माहितीतला ‘हिवाळी विश्रांती’चा नियम आपल्याकडे लागू पडतो, पण तो मुख्यतः अशा थोड्या झाडांना. इचेव्हेरियाला तोच नियम लावला, तर वर्षातले तिचे सर्वांत चांगले महिने आपण उपाशी घालवतो.

दुसरा आक्षेप जाणकारांकडून येतो. मेक्सिकोतही पाऊस उन्हाळ्यातच पडतो. मग इचेव्हेरियाला आपला जून-जुलै का सोसू नये? पाऊस कोणत्या महिन्यात पडतो यापेक्षा तो कसा पडतो आणि पडून गेल्यावर काय होते, हे इथे महत्त्वाचे आहे. दोन-अडीच हजार मीटर उंचीवरच्या कड्यांवर दुपारी सर येऊन जाते, नंतर वारा आणि पुन्हा ऊन येते, रात्री पारा चांगलाच उतरतो, आणि मुळे दगडांच्या सांदीत असतात. कोल्हापूरची आषाढातली रिपरिप दिवसरात्र चालते. एका दिवसात किती मिलिमीटर पडले यापेक्षा पाने किती तास ओली राहिली हा आकडा इथे जास्त घातक. त्यातही जिल्हा एकसारखा नाही. गगनबावड्याला वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या घरात पाऊस होतो, शहरात हजाराच्या आसपास, आणि शिरोळकडे गगनबावड्याच्या दहाव्या हिश्श्याइतका. शिरोळ-जयसिंगपूरचा माणूस इचेव्हेरिया उघड्यावर ठेवून पावसाळा पार करू शकतो. राधानगरी-गगनबावड्याकडच्याने तो प्रयत्न करू नये. हरियाणात पंचकुला येथे राष्ट्रीय निवडुंग उद्यान आहे. तिथे उन्हाळ्यात पारा चाळिशी ओलांडतो, हिवाळ्यात ५ अंशांजवळ येतो, पाऊसही पडतो, तरी निवडुंगांचा मोठा संग्रह तिथे वर्षानुवर्षे टिकून आहे. पाण्याचा निचरा सांभाळला तर पाऱ्याची एवढी मोठी झेप ही झाडे पचवतात, याचा याहून चांगला पुरावा देशात दुसरा नसेल.

आता उन्हाळा. इथे मी वर म्हटलेल्याला एक पुरवणी जोडायला हवी, कारण मार्च ते मे या काळात तापमान खरोखरच झाड मारू शकते. फक्त ते हवेचे नसते. अमेरिकी वनस्पतिशास्त्रज्ञ पार्क नोबेल यांच्या निवडुंग आणि घायपातावरच्या अभ्यासातून दिसले, की हळूहळू सवय झालेल्या काही जाती ऊतींचे तापमान थोड्या वेळासाठी ६० अंशांपर्यंत गेले तरी तगतात. त्यापुढे कोल्हापूरचे ३७-३८ म्हणजे काहीच नाही. पण हे दोन अटींवर: सवय हळूहळू झालेली असावी आणि मुळे तुलनेने गार राहावीत. वाळवंटात जमिनीच्या अगदी वरच्या तापलेल्या थरात मुळे नसतात. ती थोडी खाली, दगडाच्या आडोशाला असतात. गच्चीवरच्या काळ्या प्लास्टिकच्या कुंडीत त्यांना पळायला जागा नाही. एप्रिलच्या दुपारी सिमेंटचा स्लॅब पन्नास अंश सहज ओलांडतो, कुंडीच्या काळ्या कडेला टेकलेली मुळे भाजून निघतात, आणि आठवड्याने झाड मलूल दिसले की मालक आणखी पाणी घालतो. उपाय साधे आहेत. कुंडी स्लॅबवर टेकवू नका; दोन विटांवर किंवा जाळीच्या स्टँडवर ठेवा, म्हणजे खालून वारा जाईल. कुंभाराकडची साधी, रंग न दिलेली मातीची कुंडी घ्या. तिच्या अंगातून पाणी उडते आणि ती गार राहते. प्लास्टिकच हवे असेल तर पांढरे घ्या, किंवा लहान कुंडी मोठ्या मातीच्या कुंडीत बसवून मधली जागा खडीने भरा. मार्चच्या मध्यापासून जूनपर्यंत पन्नास टक्क्यांची शेडनेट पुरेशी आहे. पंचाहत्तर टक्क्यांची घातली तर झाडे लांबट होतात. आणि पाणी सूर्य कलल्यावर, स्लॅब निवल्यावर द्यावे, कारण ही झाडे रात्री जागतात. दुपारी दोनला तापलेल्या कुंडीत ओतलेले पाणी मुळांना उकडून काढते. पाण्याचे प्रमाण या दिवसांत वाढवायचे, पण इचेव्हेरिया गटाला ३५ अंशांच्या पुढे वाढ नसते हे लक्षात ठेवून बेताने. अडेनियमला मात्र सढळ हाताने.

दिशेचा विचार कोल्हापुरात फार फायद्याचा ठरतो आणि तो सहसा कोणी करत नाही. दुपारचे भाजणारे ऊन पश्चिमेकडून येते आणि नैर्ऋत्य मोसमी पावसाची झडही त्याच अंगाने येते. म्हणून पूर्वेचा सज्जा ही या झाडांसाठी शहरातली सर्वांत चांगली जागा: ढग नसतील तेव्हा सकाळचे चार-पाच तासांचे ऊन, आणि दोन्ही शत्रूंकडे पाठ. दक्षिणेचा छपरासह सज्जा हा दुसरा. कोल्हापूर साधारण १६.७ अक्षांशावर असल्याने मेच्या पहिल्या आठवड्याअखेरीस मध्यान्हीचा सूर्य बरोबर डोक्यावर येतो, म्हणजे दक्षिणेच्या सज्ज्यात ऐन उन्हाळ्यात थेट ऊन जवळजवळ शिरतच नाही. डिसेंबरात मात्र तोच सूर्य दुपारी क्षितिजापासून पन्नास अंशांवर असतो आणि सज्ज्याच्या आतपर्यंत पोहोचतो. नको तेव्हा सावली आणि हवे तेव्हा ऊन, तेही एक पैसा न खर्चता. पश्चिमेचा सज्जाच वाट्याला आला असेल तर कोरफड, पोर्टुलाकेरिया, युफोर्बिया मिली यांवर समाधान मानावे.

वळिवाबद्दल वेगळे सांगायला हवे, कारण अनेकांची झाडे मृगाआधीच तिथे दगावतात. एप्रिल-मेमध्ये संध्याकाळी आभाळ भरून येते, तासाभरात गच्ची तुंबते, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा कडक ऊन. तापलेल्या कुंड्या अचानक भिजतात, इचेव्हेरियाच्या पानांच्या बेचक्यात पाणी साठून राहते, आणि गारा पडल्या तर पानांवरचे व्रण पाने गळेपर्यंत जात नाहीत. वळीव येऊन गेल्यावर बेचक्यातले पाणी फुंकून किंवा रबरी फुग्याच्या पिचकारीने उडवून टाकावे, बशा रिकाम्या कराव्यात, आणि कुंड्या दोन दिवस सावलीत ठेवाव्यात. त्यानंतर किमान दहा दिवस पाणी नको.

रोहिणी नक्षत्र लागते २५ मेच्या सुमारास. शेतकरी त्या सुमाराला मशागत उरकतो, आपण कुंड्या हलवायच्या. मृग लागून पाऊस सुरू झाल्यावर छपराची सोय शोधत बसणाऱ्याने चार दिवस गमावलेले असतात, आणि तेवढ्यात भिजलेली कुंडी पुढचे कितीतरी दिवस वाळत नाही. इथे तिसरा आक्षेप: मग घरातच घेतली तर? घरात पाऊस नाही, पण ऊनही नाही. टीव्हीशेजारी ठेवलेली इचेव्हेरिया दोन-तीन आठवड्यांत उंच, फिकी, पोकळ होते आणि ऑक्टोबरात बाहेर काढली की पहिल्याच उन्हात करपते. म्हणून छप्पर पारदर्शक हवे. पॉलिहाऊसला वापरतात ती २०० मायक्रॉनची यूव्ही प्रक्रिया केलेली फिल्म जिल्ह्यात सहज मिळते. बांबूच्या किंवा लोखंडी चौकटीवर उतार देऊन ताणली की गच्चीवर काही वर्षे चालते. बाजू मात्र उघड्याच ठेवाव्यात. चारी बाजूंनी बंद केलेल्या फिल्मखाली हवा कोंडते, आणि आपण पावसापासून वाचवलेले झाड दमटपणाने सडते. पश्चिमेची तेवढी एक बाजू झडीपुरती झाकावी. पागोळ्यांखाली कुंड्या ओळीने लावण्याची सवय अनेक घरांत आहे. इतर झाडांना ती ठीक, सक्युलंटला नाही.

छपराखाली घेतल्यावर पाणी किती द्यायचे, यावर दोन टोकांची मते आहेत. एक म्हणजे नेहमीसारखे देत राहा, दुसरे म्हणजे सप्टेंबरपर्यंत थेंबही नको. पहिल्याचा परिणाम वर सांगितला. दुसऱ्यात बारीक मुळे वाळून जातात, आणि पुढे ऑक्टोबरात दिलेले पहिलेच पाणी ओढायला काही उरत नाही. मधला मार्ग वजनाचा आहे. कुंडी कोरडी असताना हातात घेऊन तिचा अंदाज बसवावा. त्याच वजनाला ती आल्याशिवाय आणि खालची पाने किंचित सैल पडल्याशिवाय पाणी देऊ नये. हावोर्थिया, क्रासुलाला जुलै-ऑगस्टमध्ये तीन आठवड्यांतून एकदा, तेही उघडीप असलेल्या दिवशी सकाळी, पुरते. बोटाने माती चाचपणे या काळात फसवे ठरते, कारण वरचा थर कोरडा आणि तळ ओला असतो. खत या चार महिन्यांत पूर्ण बंद. कॉपर ऑक्सिक्लोराइड हे बुरशीनाशक लिटरला अडीच ग्रॅम या प्रमाणात जूनच्या सुरुवातीला आणि मग महिन्याने एकदा मातीला आणि खोडाच्या बुडाला द्यावे; पण ज्याची माती चिखलाची आहे, त्याला हे औषध वाचवणार नाही.

मातीचा मुद्दा म्हणूनच औषधापेक्षा मोठा. पंचगंगेच्या खोऱ्यातली काळी माती उसाला सोने आहे आणि सक्युलंटला विष. ती पाणी धरते, फुगते आणि वाळली की भेगाळते. नर्सरीतून रोप येते ते बहुधा निव्वळ कोकोपीटमध्ये, आणि कोकोपीटही स्पंजसारखे पाणी धरते. नर्सरीवाल्याला ते सोयीचे असते, कारण हलके पडते आणि त्याच्याकडे छप्पर आहे. आपल्याकडे आल्यावर ते झाडून टाकावे. कोल्हापूरच्या आसपास खडीच्या क्रशरची बारीक कच स्वस्तात मिळते. ती चाळून भुकटी काढून टाकावी, धुवावी, आणि तीन भाग अशी कच, एक भाग विटांचे तुकडे, एक भाग चांगले कुजलेले शेणखत किंवा गांडूळखत, असे मिश्रण करावे. साखर कारखान्याचे प्रेसमड खत बागेत सगळीकडे वापरले जाते म्हणून इथेही घालण्याचा मोह होतो. ते फार पोषक आणि ओल धरणारे असल्याने टाळावे. कुंडीच्या तळाशी खडीचा जाड थर दिला की निचरा होतो, हा समज पिढ्यानपिढ्या चालत आला आहे. प्रत्यक्षात बारीक मातीत अडकलेले पाणी खालच्या मोठ्या पोकळ्यांत सहज उतरत नाही. थराच्या वर ते थबकून राहते आणि ओला पट्टा मुळांच्या आणखी जवळ येतो. खडी तळाला देण्याऐवजी सगळ्या मातीतच मिसळावी, आणि भोकावर एक खापरी पुरे.

लागवडीच्या वेळेबाबत मात्र आपल्या सवयीच्या विरुद्ध जावे लागते. मृगात झाड लावायचे, फांदी रोवायची, कुंडी बदलायची ही आपली रीत, आणि जास्वंदीपासून आंब्यापर्यंत ती बरोबरच आहे, कारण त्या झाडांना नवी मुळे फुटेपर्यंत ओल हवी असते. सक्युलंटच्या मुळांना आणि खोडाला झालेली जखम कोरडी पडून भरावी लागते. जूनच्या हवेत ती उघडीच राहते आणि कूज तिथूनच शिरते. कुंडी बदलणे, छाटणी, पानांपासून रोपे करणे ही सगळी कामे हस्ताचा पाऊस ओसरल्यावर, ऑक्टोबरच्या मध्यापासून करावीत. कापलेला तुकडा सावलीत पाच-सहा दिवस सुकू द्यावा, मग कोरड्या मिश्रणात टेकवावा, आणि आठवड्याने पहिले पाणी. जूनमध्ये मित्राने फांदी दिलीच, तर ती वर्तमानपत्रावर ठेवून वाट पाहिलेली बरी; पोर्टुलाकेरिया आणि पानफुटी तेवढ्या अपवाद, त्यांना काहीही चालते.

ऑक्टोबरात छपराबाहेर काढताना घाई करू नये. चार महिने ढगाळ उजेडात राहिलेल्या पानांवर ऑक्टोबरचे ऊन एकदम पडले की तांबूस-पांढरे डाग पडतात, आणि पारा ३२-३३ असूनही रोप मेच्या उन्हापेक्षा जास्त भाजते. नोबेल यांच्या निष्कर्षातली हळूहळू सवयीची अट इथे आपल्या कामाला येते. पहिले आठ दिवस सकाळचा तासभर, मग दोन, असे करत दिवाळीपर्यंत पूर्ण उन्हात आणावे. तिथून पुढे कोल्हापूरचे हवामान या झाडांच्या बाजूचे असते. आठवड्यातून एकदा भरपूर पाणी, तळातून निघेपर्यंत, पण सकाळी. थंडीत संध्याकाळचे पाणी पानांवर रात्रभर राहते. पंधरा-वीस दिवसांनी शिफारशीच्या पाव प्रमाणात पातळ खत. डिसेंबर-जानेवारीत इचेव्हेरियाच्या आणि क्रासुलाच्या कडा लाल-जांभळ्या होतात. ते ऊन, गारवा आणि थोड्या कोरडेपणाने होते, रोगाने नव्हे. थंडीसाठी झाकपाक करण्याची गरज कोल्हापुरात एकाही सामान्य सक्युलंटला नाही. लाल-पिवळ्या डोक्याचे कलमी निवडुंग तेवढे थंड वाऱ्यातून भिंतीलगत घ्यावेत, कारण त्यांचे खुंट ड्रॅगनफ्रूटच्या जातकुळीतले, उष्ण प्रदेशातले असतात. या काळात लक्ष ठेवायचे ते पिठ्या ढेकणावर. पानांच्या बेचक्यात कापसासारखे ठिपके दिसले तर स्पिरिटमध्ये बुडवलेल्या कापसाच्या काडीने पुसावेत; कुंडी उलटून मुळांतही पांढरी बुरशीसारखी पूड आढळली तर सगळी माती फेकून, मुळे धुऊन, वाळवून नवी माती द्यावी. इतका खटाटोप पावसाळ्यात झाडाला सोसला नसता, फेब्रुवारीपर्यंत सोसतो.

शेवटचा आक्षेप पैशाचा. पन्नास-शंभर रुपयांचे रोप. मेले तर दुसरे आणू, एवढा विचार कशाला? ज्याला सहा-सात महिन्यांपुरती शोभा हवी आहे, त्याने तसे करायला हरकत नाही. नोव्हेंबरात आणावे आणि मेअखेर विसरावे. पण ज्याला तीच इचेव्हेरिया पाच वर्षे वाढवायची आहे, त्याने रोपाआधी छपराचा खर्च धरावा. छप्पर शक्य नसेल तर कोरफड, सान्सेव्हेरिया, पोर्टुलाकेरिया, युफोर्बिया मिली आणि जास्त खडीच्या मिश्रणातला अडेनियम ही पाच झाडे घ्या. सज्ज्यात उजेड असेल तर त्यात हावोर्थिया घाला. इचेव्हेरिया आणि सेडम पुढच्या वर्षी, फिल्म ताणून झाल्यावर. आणि नवे रोप घ्यायला जून-जुलैत नर्सरीत जाऊ नका, दसऱ्यानंतर जा.